पश्चिमेच्या भिंतीची निळसर पट्टी : प्रकल्प नोंदी

१९ नोव्हेंबर २०२३

आज पट्टी मोजली. घराच्या पश्चिमेच्या भिंतीलगत २२ फूट लांब, ५ फूट रुंद. जळगाव जिल्ह्यात एरंडोलला राहायला आल्यापासून या पट्टीत मी जास्वंद लावली, क्रोटन लावले, कर्दळ लावली. मार्चपर्यंत सगळं छान असतं. एप्रिलमध्ये पानांच्या कडा करपतात आणि मेमध्ये नुसत्या काड्या उरतात. दुपारी एकपासून दिवस मावळेपर्यंत ऊन थेट या भिंतीवर येतं, आणि रात्री दहाला हात लावला तरी भिंत गरमच लागते. पाणी कितीही घाला, फरक पडत नाही.

गेल्या मेमध्ये कासोद्याच्या रस्त्यानं येताना बांधावरचं घायपात पाहिलं होतं. आजूबाजूचं रान वाळून पिवळं पडलेलं आणि घायपात जसंच्या तसं, भरलेलं, निळसर राखाडी. तेव्हापासून डोक्यात घोळतंय की या पट्टीत याच रंगाच्या पानांची झाडं लावायची, दुसरी नाहीत. या रंगाचं उन्हाशी काहीतरी नातं आहे आणि ते मला स्वतःच्या अंगणात बघायचंय.

टेप धरायला नानांना बोलावलं. सासरे असले तरी शेतीतलं काहीही करायचं तर मी आधी त्यांनाच विचारते. "काय मोजी ऱ्हायनी, पोरी?" म्हणाले. सांगितलं. थोडा वेळ गप्प राहिले, मग म्हणाले, "केकताड कोनी दारमा लावस का?" त्यांच्या लहानपणी केकताड, म्हणजे हेच घायपात, बांधावर असायचं, पानं कुजवून, ठेचून वाख काढायचा आणि दोर वळायचे. दारात लावायची वस्तू ती नव्हेच. पण टेप त्यांनी शेवटपर्यंत धरून ठेवली.

३ डिसेंबर २०२३

माती बदलायचं काम. हे काम नीट झालं नाही तर पुढचं सगळं वाया जाईल, म्हणून सविस्तर लिहिते.

आमची माती काळी. कपाशीला, दादरला (आमच्याकडची रब्बीची ज्वारी) ती सोनं आहे; पण पावसात फुगते, पाणी धरून बसते आणि उन्हाळ्यात भेगाळते. ज्यांच्या पानातच पाणी साठवलेलं असतं त्या झाडांची मुळं अशा ओल्या मातीत आठ-पंधरा दिवसांत कुजतात. उन्हानं ती मरत नाहीत, पावसाळ्यातल्या ओलीनं मरतात.

दीड फूट खोल खणलं. दीड ब्रासच्या वर माती निघाली, ती ट्रॅक्टरच्या दोन खेपा करून शेतावर नेऊन टाकली. तळाला सहा इंच डबर आणि विटांचे तुकडे. त्यावर भरताना प्रमाण असं ठेवलं : चार घमेली मुरूम, तीन घमेली क्रशरची कच, दोन घमेली आपलीच काळी माती, एक घमेलं चाळलेलं जुनं शेणखत. शेणखत याहून जास्त नको. खताला ही झाडं लवकर लांबतात, मऊ पडतात आणि रंगही फिका होतो.

भराव अंगणाच्या पातळीपेक्षा मधोमध फूटभर उंच घेतला आणि उतार भिंतीपासून दूर काढला, म्हणजे पाणी घराच्या पायात मुरणार नाही. वरून बारीक खडीचा दोन इंचांचा थर. त्यामुळे खालची पानं आणि बुंधा ओल्या मातीला टेकत नाहीत.

दोन माणसं, दीड दिवस. मीही शाळा सुटल्यावर फावडं धरलं.

२४ डिसेंबर २०२३

झाडं आली. घायपाताची पाच पिल्लं नानांच्या ओळखीच्या एका बांधावरून आणली, फुकट. मोठ्या झाडाच्या मुळातून फुटलेली, मुळासकट निघाली. बाकीची नाशिकहून गाडीत घालून आणली : ब्लू चॉकस्टिक नावानं मिळणारं सेनेसिओ, खडूच्या कांड्यांसारखी जाड निळी पानं, सहा रोपं, चार एचेव्हेरिया, गुलाबाच्या पाकळ्यांसारखी पानं रचलेली, निळ्या खांबाचा एक कॅक्टस, पिलोसोसेरियस, अडीच फूट, आणि एक बिस्मार्किया पाम, चंदेरी निळ्या पंख्यांचा. शिवाय घरची कोरफड आहेच, तिच्याही पानांवर राखाडी झाक असते.

ही मंडळी कुठकुठली! घायपात आणि एचेव्हेरिया मेक्सिकोकडची. घायपात आपल्या बांधांवर इतकं रुळलंय की ते परदेशातून आलं हे सांगूनही कोणाला पटत नाही. चॉकस्टिक दक्षिण आफ्रिकेची, निळा खांब ब्राझीलचा आणि पाम मादागास्करचा. त्याचं नाव बिस्मार्क या जर्मन चॅन्सेलरवरून पडलंय.

घायपात पूर्ण वाढलं की पाच-सहा फूट पसरतं. म्हणून पाचांपैकी दोनच पट्टीत लावली, दोन टोकांना. उरलेली तीन कुंड्यांत. काट्यांची टोकं पकडीनं कापली, कारण घरात लहान मूल आहे. ते करताना हातमोजे घातले. याचा चीक अंगावर उडाला तर खाज सुटते आणि पुरळ येतं.

आणि लहान मुलानंच आज पहिली खूण केली. दिराचा धाकटा, वय वर्षं पाच, उत्तरेकडच्या घायपाताच्या मधल्या पानावर अंगठा दाबून घासायला लागला. "काकू, याच्यावर धूळ बसलीये, पुसू?" मी ओरडेपर्यंत पुसून झालं होतं. पानाच्या टोकाखाली चार बोटांवर, निळसर पांढऱ्या पानात अंगठ्याएवढा गडद हिरवा डाग. नीट पाहिलं तर अंगठ्याच्या कडेला रेषाही उमटल्यात. त्याच्या अंगठ्यावर पांढरट पूड होती.

ती धूळ नव्हती. ते झाडाचं मेण. पानाच्या सालीतूनच ते बाहेर पडतं आणि बारीक कणांच्या रूपात वर जमतं. खालचं पान हिरवंच असतं, इतर कुठल्याही पानासारखं. पूर्ण वाढलेल्या भागावर ही पूड एकदा गेली की सहसा परत धरत नाही. नवं पान येईल तेव्हा ते आपली पूड घेऊन येतं. धाकट्याला हे सांगितलं. त्यानं विचारलं, "मग हे कधी जाणार?" म्हटलं, पान वाळेल तेव्हा.

हे पान मी मोजायच्या गोष्टींच्या यादीत घेतलंय. जमिनीपासून खुणेची उंची : ११ इंच.

७ जानेवारी २०२४

शेतावर हुरड्याला गेलो होतो. दादर पोटऱ्यातून बाहेर पडून दाणा भरतोय. नानांनी एक ताट वाकवून माझ्यापुढे धरलं आणि पानाच्या खालची, ताटाला वेढलेली आवरणाची बाजू दाखवली. पांढरी शुभ्र भुकटी. बोटानं रेघ ओढली तर खालचा हिरवा रंग दिसला, अगदी घायपातासारखा.

"अशी भुकटी तं आपली दादरले बी ऱ्हास," म्हणाले. तीस-चाळीस वर्षं हे ताट हातात घेणाऱ्या माणसाला हे माहीत होतं आणि मी विज्ञान शिकवूनही कधी पाहिलं नव्हतं. तृणधान्यांत ज्वारीवर हा मेणाचा थर विशेष जाड असतो. पानाच्या सालीतून उडून जाणारं पाणी तो अडवतो, काही ऊन परतवतो. पाऊस संपल्यावर जमिनीतल्या ओलीवर दादर उभी राहते, त्यात या भुकटीचा वाटा आहे.

मग दिवसभर मी तेच शोधत फिरले. कांद्याची पात : निळसर, आणि पाणी शिंपडलं की मोत्यासारखं घरंगळतं. कांद्यावर फवारताना औषधात स्टिकर, म्हणजे औषध पानाला धरून ठेवणारा साबणासारखा द्रव, का मिसळतात ते हेच. नुसतं पाणी पातीवर ठरतच नाही. केळीच्या पानाची खालची बाजू आणि खांबावरची पांढरी झाक. बांधावरच्या एरंडाचं कोवळं खोड, त्यावर तर नखानं नाव लिहिता येतं. पडीक वाफ्यातला पिवळा धोत्रा, निळसर पानांवर पांढऱ्या शिरा. दिसायला तो या सगळ्यांत देखणा, पण पट्टीत आणणार नाही. त्याचं बी विषारी. मोहरीच्या तेलात त्याची भेसळ होऊन माणसं दगावलेली आहेत, आणि आमच्याकडे सगळं तोंडात घालून बघणारं पोर आहे.

निळ्या रंगाबद्दल शाळेत मुलांना कसं सांगायचं याचा विचार परतीच्या वाटेवर केला. मेणात निळा रंग नसतोच. त्याच्या अतिसूक्ष्म काड्या आणि पापुद्रे पानावर उभे असतात. त्यांच्यावर उजेड पडला की त्यातला निळा भाग जास्त विखुरतो, आणि हिरव्यावर ती निळी झाक चढते. चोपड्याच्या रस्त्याला लागलं की लांबून सातपुडा निळा दिसतो आणि जवळ गेलं की हिरवा-तपकिरी. तिथे हे काम हवा करते. मुलांनी सातपुडा रोज पाहिलाय, त्यामुळे त्यांना हे पटेल.

११ फेब्रुवारी २०२४

पामाचा निर्णय. मी चुकले. बिस्मार्कियाचा एकेक पंखा वाढला की आठ-दहा फूट रुंद होतो. पाच फुटांच्या पट्टीत तो लावणं म्हणजे त्या झाडावर अन्याय. मुळं हलवलेली या पामाला अजिबात खपत नाहीत, म्हणून अजून पिशवीत आहे तोवरच शेतावर विहिरीच्या बाजूला मोकळ्या जागी लावला. पिशवी तळातून कापून मातीचा गड्डा न फोडता खड्ड्यात ठेवला आणि मगच पिशवीच्या बाजू ओढून काढल्या.

कुंड्यांतल्या तीन घायपातांपैकी एक पडवीत सावलीला ठेवलं, एक पट्टीजवळ पूर्ण उन्हात. वय एक, माती एक, पाणी एक. वर्षभरानं बघायचं. तिसरं शेजारच्या वहिनींनी मागून नेलं.

२ मार्च २०२४

नर्सरीत 'सिल्व्हर' म्हणून ल्यूकोफायलम मिळालं, टेक्सास आणि मेक्सिकोकडचं झुडूप, जांभळ्या फुलांचं. घरी येऊन पान बोटांत चोळलं. पूड आली नाही. ही राखाडी झाक मेणाची नव्हे, लवेची आहे, बारीक केसांची. आपल्याकडची कपूरमाधुरी याच जातकुळीतली. रुईकडे दोन्ही आहे : कोवळ्या पानावर कापसासारखी लव आणि जून पानावर राखाडी मेण. शनिवारी मारुतीला माळ करताना बोटं पांढरी होतात ती त्यामुळे.

फरक कळायला सोपी रीत : पानाच्या एका कोपऱ्यावर बोट घासायचं. डाग पडला तर मेण, नाही पडला तर लव. आणि हे एकाच पानावर, एकदाच करायचं. ल्यूकोफायलम पट्टीच्या मधोमध, भिंतीकडे लावलं.

२८ मार्च २०२४

एचेव्हेरियाच्या मधल्या पानांच्या बेचक्यात पिठ्या ढेकूण. पांढऱ्या पानावर पांढरी कीड, मला आठ दिवस उशिरा दिसली. मुंग्या ये-जा करत होत्या त्यावरून कळलं. कडुनिंबाचं तेल, थोडा भांडी घासायचा साबण, पाणी, असं मिसळून संध्याकाळी चारही झाडांवर फवारलं. जास्वंदीवर मी नेहमी हेच वापरते.

३१ मार्च २०२४

आज लिहायला हात होत नाहीये. चारही एचेव्हेरिया हिरव्या झाल्या. तेल आणि साबणानं मेण विरघळवून धुऊन नेलं. कांद्याच्या पातीवर औषध ठरावं म्हणून स्टिकर घालतात हे जानेवारीत मीच लिहून ठेवलंय. मेणावर साबण काय करतो हे मला तिथेच कळायला हवं होतं. पानं तेलकट, चकचकीत, कुठल्याही रोपवाटिकेतल्या कुठल्याही झाडासारखी दिसतायत.

पुढे नियम : मेण असलेल्या पानावर तेल नाही, साबण नाही. पिठ्या ढेकूण असेल तर बारीक काडीला कापूस गुंडाळून स्पिरिटमध्ये बुडवायचा आणि फक्त किड्याला टेकवायचा. तिथे डाग पडेल, तेवढा सोसायचा. दोन्ही घायपातांवर मी फवारलं नव्हतं.

५ एप्रिल २०२४

दोन एचेव्हेरियांच्या पानांवर पश्चिमेच्या बाजूनं तपकिरी, कागदासारखे चट्टे. करपल्या. ज्या बाजूला ऊन नाही ती बाजू ठीक. मेण असताना मार्चमधलं हेच ऊन त्यांनी सोसलं होतं. या पट्टीतला सगळ्यात स्पष्ट पुरावा मला माझ्याच चुकीतून मिळाला, आणि त्याची किंमत झाडांनी दिली. चारही पडवीत हलवल्या.

१० मे २०२४, आखाजी (अक्षय तृतीया)

घरात पाहुणे, पुरण, आंब्याचा रस. अंगणातल्या निंबाला झोका बांधलाय आणि पोरीबाळींची गाणी चाललीत. दुपारी तीनला भिंतीला टांगलेला थर्मामीटर बघितला : ४९. ही भिंतीशेजारची धग, हवेचं तापमान नव्हे. पण झाडं याच धगीत उभी आहेत.

घायपात : काही झालेलं नाही. खालची दोन पानं थोडी आत वळलीत, बस. निळा खांब : ठीक, शेंड्याकडचं नवं वीतभर तर अस्मानी निळं. कोरफड तांबूस झालीय. ल्यूकोफायलम फुलावर. एचेव्हेरिया पडवीतही तीन गेल्या. त्या मेक्सिकोच्या उंच डोंगराळ भागातल्या. दिवसा ऊन चालतं, पण रात्री गारवा लागतो. आमच्याकडे मेच्या रात्री गारवा कुठून आणायचा?

यातली गुबगुबीत झाडं दिवसा पानांची रंध्रं मिटून घेतात आणि रात्री उघडतात. कार्बन डायऑक्साइड रात्री आत घेऊन आम्लाच्या रूपात साठवतात आणि दिवसा उजेडात वापरतात. म्हणजे भर दुपारी पाणी उडून जायची वाट बंद. रात्रीसुद्धा भिंत तापलेली राहिली तर हा हिशेब बिघडतो. म्हणून दिवस मावळल्यावर भिंतीवर पाणी मारते, झाडांवर नाही.

चॉकस्टिकनं मला फसवलं असं वाटलं होतं, पण तसं नाही. पानं सुरकुतली म्हणून एप्रिलअखेर पाणी वाढवलं, आणि दोन रोपं मुळाशी मऊ पडून गेली. ती उन्हाळ्यात झोपते. सुरकुतणं ही तिची तहान नव्हती. राहिलेल्या चारांवर हिरवी शेडनेट बांधली.

नणंद यावलकडून आलीय. तिनं कागदात गुंडाळून अंजनाच्या शेंगा आणल्या, मी फोनवर म्हटलं होतं म्हणून. शेंग बोटभर, चपटी, कागदासारखी पातळ, आणि एका टोकाला एकच बी. हातातून सोडली की भिरभिरत खाली येते. अंजनाची पानं राखाडी हिरवी, दोन दलं देठाशी जोडलेली, फुलपाखरानं पंख मिटत आणल्यासारखी. लाकूड इतकं जड की पाण्यात बुडतं. नानांना शेंग दाखवली तेव्हा ते उठून बसले. त्यांच्या वडलांच्या बैलगाडीत अंजनाचं लाकूड होतं आणि दुष्काळात गुरांना पाला अंजनाचाच.

९ जून २०२४

शेडनेटखालची चॉकस्टिक महिन्यात हिरवट झाली आणि कांड्या लांबल्या. जगली, पण ज्याच्यासाठी आणली तो रंग गेला. नेट काढली. पाऊस येऊ घातलाय, ढग आहेतच.

अंजनाच्या बिया पेरल्या. याचं सोटमूळ फार लवकर खोल जातं, नेहमीच्या पिशवीत ते गुंडाळलं जातं. म्हणून सिमेंटच्या गोण्यांचे फूट-दीड फूट उंच नळे शिवून त्यात माती भरली. बारा नळे, प्रत्येकात दोन बिया.

२३ जून २०२४

बारापैकी सात नळ्यांत अंजन उगवलं.

२८ जुलै २०२४

सतरा दिवस ऊन नाही, रिपरिप चालूच. निळ्या खांबाच्या बुंध्याशी तपकिरी, ओलसर पट्टा दिसला. अंगठा दाबला तर आत गेला.

थांबण्यात अर्थ नव्हता. सुरी स्पिरिटनं पुसली, वर्तमानपत्राची चार पदरी पट्टी करून खांबाला वेढली आणि त्या पट्टीला धरून काप घेतला, म्हणजे हात मेणाला लागत नाही आणि काटेही टोचत नाहीत. पहिल्या कापात मधोमध केशरी वर्तुळ दिसलं. सुरी पुसून दोन इंच वर दुसरा काप. वर्तुळ बारीक झालं, पण होतं. तिसरा, चौथा. पाचव्या कापाला आतला भाग स्वच्छ, पांढरट हिरवा, मधली रिंग कोरी. अडीच फुटांतला १९ इंच उरला. कडा चहूबाजूंनी तिरक्या तासल्या, कारण वाळताना मधला भाग आत ओढला जातो आणि कडा कडक राहिल्या तर मुळं फुटायला जागा राहत नाही. माठाच्या रिकाम्या तिवईत, कापलेली बाजू खाली हवेशीर ठेवून, पडवीत उभा केला.

नाना शेजारी बसून होते. एरवी उसाचं बेणं तोडल्यासारखं सोपं काम समजतील असं वाटलं होतं, पण प्रत्येक कापाला वाकून बघत होते.

२५ ऑगस्ट २०२४

बारा दिवस वाळवून, कापावर खपली धरल्यावर, खांब कोरड्या कचेत उभा केला होता. पहिले आठ दिवस पाण्याचा थेंब नाही. आज कागदाच्या पट्टीनं धरून हलकं वर ओढलं, धरून बसलाय. मुळं फुटली. पुढच्या वर्षी पट्टीतली त्याची जागा आणखी सहा इंच उंच करायची आणि पावसाळ्यात वर पत्र्याचा तुकडा टाकायचा.

पट्टीचा भराव बाकी उत्तम. एवढ्या पावसातही कुठे पाणी उभं राहिलं नाही.

१२ सप्टेंबर २०२४

गणपतीत पद्मालयाला गेलो. दर्शन झालं आणि तळ्याकाठी अर्धा तास बसले. कमळाचं पान निळसर हिरवं, मखमली. धाकट्यानं ओंजळीनं पाणी टाकलं. ते पानाला न चिकटता पाऱ्यासारखं गोळा होऊन मध्ये जमलं आणि पान हललं तसं बाजूनं ओघळलं. जाताना पानावरची माती घेऊन गेलं. पान कोरडं ते कोरडंच.

हेही मेणच. कमळाच्या पानावर सूक्ष्म उंचवटे असतात आणि त्यांच्यावर मेणाच्या बारीक नळ्या, त्यामुळे थेंब टोकांवरच तरंगतो. जर्मन वनस्पतिशास्त्रज्ञ विल्हेल्म बार्थलॉट यांनी हे सूक्ष्मदर्शकाखाली उलगडून दाखवलं. उन्हाळ्यात वावटळीची धूळ घायपातावर बसली की पुसायला हात शिवशिवायचे. आता पुसायची गरज वाटत नाही. पहिल्या पावसात ती धूळ निघून गेली होती आणि खालची निळाई शाबूत होती. धाकट्यानं तळ्यात हात घातला, पण पानाला लावला नाही.

१७ नोव्हेंबर २०२४

थंडी पडली. चॉकस्टिक जागी झाली. चार रोपांनी बोटाएवढे नवे शेंडे काढले, गडद निळे. लांबलेल्या हिरव्या कांड्या कापून, चार दिवस वाळवून, खडीतच खोचल्या. या सहज धरतात.

एक नवं दुखणं : बोअरचं पाणी क्षारांचं. पाइपनं वरून पाणी दिलं की थेंब वाळल्यावर पानावर चुन्याचे गोल डाग राहतात, आणि ते काढायला जावं तर मेण निघतं. ठिबकची नळी बुंध्यापासून वीतभर लांब टाकली. पाणी फक्त मुळाशी, थंडीत पंधरा दिवसांतून एकदा.

अंजनाची सात रोपं गुडघ्याखाली आहेत. ती पट्टीत लावायची नाहीत. मोठी होऊन सावली करतील आणि सावलीत इथलं सगळं हिरवं होईल. नानांनी शेताच्या बांधावर जागा आखून ठेवल्यात, वीस-वीस फुटांवर, पुढच्या पावसात रोपं लावायची. खड्डे ते स्वतः सांगून घेणार आहेत.

९ मार्च २०२५

पडवीतलं आणि उन्हातलं घायपात आज शेजारी-शेजारी ठेवलं. पडवीतल्याची नवी पानं लांब, पातळ, हिरवी. जुन्या पानांवरच राखाडी उरलीय. उन्हातल्याची पानं आखूड, जाड, आणि नवं प्रत्येक पान आधीच्यापेक्षा निळं. पाणी आणि माती सारखीच होती. शाळेत दोन्ही कुंड्या घेऊन जाणार आहे.

उन्हातल्याचं एक पान मधल्या सुळक्यातून नुकतंच सुटलंय. त्याच्या पाठीवर शेजारच्या पानाच्या काटेरी कडेचा ठसा उमटलाय, दात न् दात, मेणावर कोरल्यासारखा. सुळक्यात पानं एकमेकांना इतकी घट्ट बिलगून वाढतात की सुटल्यावरही ही नक्षी आयुष्यभर राहते. वर्षभर रोज बघूनही हे मला आज दिसलं.

उत्तरेकडचं यादीतलं पान : मधे होतं, आता बाहेरून तिसऱ्या वेढ्यात आलंय आणि बरंच आडवं झालंय. खुणेची उंची ११ इंचांवर राहिली नाही. पान बुडाकडून वाढतं, त्यामुळे टोकाकडची खूण वर सरकली आणि पान कललं तशी बाहेर गेली. बुडापासून पानाच्या अंगानं मोजलं तर १९ इंच. पण तिचा आकार तेवढाच आहे, रेषांसकट.

धाकटा मोजपट्टी घेऊन आला होता. खुणेच्या वर, बोटभर अंतर ठेवून, त्यानं अंगठा धरला आणि एक डोळा मिटून बघितलं. अंगठा खुणेच्या दोन्ही बाजूंनी थोडा बाहेर दिसतोय. "काकू, लिहा," म्हणाला. लिहिलं.

उद्या : निळ्या खांबासाठी सहा इंच भराव, मुरूम दोन घमेली.